ए-बी द्रावणाच्या तळाशी पांढरा गाळ, दोन मीटरवर दोन आकडे आणि वर चढणारा पीएच

खाडीकाठ

नमस्कार मंडळी. मातीविना, खत घातलेल्या फिरत्या पाण्यावर भाजी (हायड्रोपोनिक्स) करतोय. ठिकाण रत्नागिरी तालुका, जयगड खाडीच्या काठाला. पाइपांना १४४ भोकं, खाली २०० लिटरचं निळं पिंप, त्यात बुडीत पंप. शंभरेक लेट्यूस, बाकी परदेशी तुळस. पाणी विहिरीचं, आत्ता श्रावणात मीटरवर ईसी (विद्युतवाहकता, तिच्यावरून विरघळलेल्या क्षारांचा अंदाज येतो) ०.१२ दाखवतं. यंदाच बांधलेल्या सिमेंटच्या टाकीत ते साठवतो आणि तिथून पिंपात घेतो.

१००० लिटरचा हिशोब धरून १०-१० लिटरचे दोन कॅन केलेत. पिंपात लिटरमागे दोन्हींतलं प्रत्येकी १० मिली.
कॅन ए: कॅल्शियम नायट्रेट ७५० ग्रॅम, मॅग्नेशियम सल्फेट ४०० ग्रॅम, चिलेटेड लोह (गाळ होऊ नये म्हणून दुसऱ्या रेणूने धरून ठेवलेलं), ईडीटीए प्रकारचं, २० ग्रॅम.
कॅन बी (खतांचे आकडे नत्र:स्फुरद:पालाशच्या टक्क्यांचे): १३:००:४५ ३०० ग्रॅम, ००:५२:३४ १८० ग्रॅम, ००:००:५० ९० ग्रॅम, सूक्ष्म अन्नद्रव्यांचं तयार मिश्रण १० ग्रॅम.

अडचणी अशा:
१) ए कॅनच्या तळाशी दोन बोटं पांढरा गाळ. गरम पाणी घातलं तरी विरघळत नाही.
२) एकाच पेल्यातल्या द्रावणाला एक टीडीएस (विरघळलेले क्षार) मीटर ७०० दाखवतो, दुसरा ९८०.
३) पीएच ५.८ ला आणून ठेवला तर दोन दिवसांत ७.२.
४) लेट्यूसची कोवळी पानं फिकट, शिरा तेवढ्या हिरव्या. आतल्या पानांच्या कडा तपकिरी होऊन करपतात.

कॅल्शियम नायट्रेटचं पोतं जूनमध्ये उघडलं होतं, आता आत नुसता ओला गोळा झालाय. चूक नेमकी कुठे आहे?


आगरवाला

पहिली अडचण आधी घेतो, कारण चौथीचा अर्धा भाग तिच्यातूनच आलाय.

तो गाळ जिप्समचा आहे. खतात भेसळ नाही, विक्रेत्याला बोल लावू नका. कॅल्शियम नायट्रेटमधलं कॅल्शियम आणि मॅग्नेशियम सल्फेटमधलं सल्फेट एका कॅनमध्ये घट्ट अवस्थेत भेटले की कॅल्शियम सल्फेट तयार होतं. जिप्सम लिटरभर पाण्यात जेमतेम दोन-अडीच ग्रॅम विरघळतं. तुमच्या ए कॅनमध्ये लिटरला १४ ग्रॅम कॅल्शियम आणि साडेपंधरा ग्रॅम सल्फेट आहे, मग ते तळाला बसणारच. पाणी तापवूनही उपयोग नाही, कारण जिप्समची विद्राव्यता तापमानाने फारशी वाढत नाही.

४०० ग्रॅम मॅग्नेशियम सल्फेटमधलं जवळपास सगळं सल्फेट असं गाळात गेलं, तर पाव किलोच्या आसपास जिप्सम तयार होतं आणि त्यात ५५-६० ग्रॅम कॅल्शियम अडकतं. कॅनमध्ये एकूण कॅल्शियम १४० ग्रॅम. म्हणजे झाडांपर्यंत जाणाऱ्या कॅल्शियमपैकी साधारण ४० टक्के तळाशीच राहिलं. मॅग्नेशियम मात्र वर द्रावणातच आहे, त्यामुळे त्याची कमतरता दिसणार नाही. करपलेल्या कडा कॅल्शियमच्या आहेत.

कॅन ढवळून गाळासकट ओतलं तर चालेल का, असं मनात येईल. १००० लिटरमध्ये पाव किलो जिप्सम हिशोबाने विरघळू शकतं. पण ते फार सावकाश विरघळतं, पंपाची जाळी तुंबवतं, आणि एकदा मापात जास्त गाळ येतो तर एकदा कमी. तेव्हा तो कॅन माडांच्या आळ्यात ओता आणि नवीन बनवा. जिप्सम माडाला बाधत नाही.

नियम एवढाच: कॅल्शियम एका कॅनमध्ये, सल्फेट आणि फॉस्फेट दुसऱ्यात. पिंपात दोन्ही भेटले तरी तिथे शंभरपट पातळ असतात, म्हणून गाळ धरत नाही.

कॅन ए, १० लिटर:
कॅल्शियम नायट्रेट ७५० ग्रॅम
चिलेटेड लोह, डीटीपीए ११ टक्क्यांचं, २२ ग्रॅम

कॅन बी, १० लिटर:
००:५२:३४ १८० ग्रॅम
१३:००:४५ ३०० ग्रॅम
००:००:५० ९० ग्रॅम
मॅग्नेशियम सल्फेट ४०० ग्रॅम
सूक्ष्म अन्नद्रव्यं, खाली लिहिल्याप्रमाणे

यातून १००० लिटरला नत्र १५५, स्फुरद ४१, पालाश २००, कॅल्शियम १४१, मॅग्नेशियम ३८ आणि लोह २.४ पीपीएम (लिटरमागे मिलिग्रॅम) पडतं. हे आकडे मूलद्रव्यांचे आहेत. पोत्यावर स्फुरद आणि पालाश ऑक्साइडच्या रूपात छापलेलं असतं, तिथे बरेच जण फसतात. ००:५२:३४ मधल्या ५२ ला ०.४३६ ने गुणा, खरं स्फुरद २२.७ टक्के. ३४ ला ०.८३ ने गुणा, खरा पालाश २८ टक्के.

तयार मिश्रणाचे १० ग्रॅम हे माप अंदाजे असतं, प्रत्येक कंपनीची टक्केवारी वेगळी. पिशवीवर बोरॉन, मँगनीज, जस्त किती टक्के लिहिलंय ते वाचून हिशोब करा, नाहीतर स्वतः बनवा. स्वतः बनवताना स्वयंपाकघरातल्या काट्यावर ०.१२ ग्रॅम मॉलिब्डेट मोजता येत नाही, म्हणून एकदम दहा वेळचं करून ठेवायचं. एक लिटर पाण्यात मँगनीज सल्फेट १६ ग्रॅम, २१ टक्के जस्ताचं झिंक सल्फेट ७ ग्रॅम, मोरचूद २ ग्रॅम, बोरिक ॲसिड २० ग्रॅम. बोरिक ॲसिड आधी कोमट पाण्यात विरघळवा, थंड पाण्यात ते तासन्‌तास तरंगतं. सोडियम मॉलिब्डेट १.२ ग्रॅम वेगळ्या लिटरच्या बाटलीत, कारण घट्ट जस्ताबरोबर त्याचाही गाळ धरू शकतो. प्रत्येक वेळी बी कॅनमध्ये दोन्ही बाटल्यांतलं १००-१०० मिली. झिंक सल्फेट ३३ टक्क्यांचंही मिळतं. ते असेल तर ७ च्या जागी साडेचार ग्रॅम. मोरचुदात हात आखडता ठेवा, तांब्याचा डोस दुप्पट-तिप्पट झाला तर मुळांची टोकं काळी पडतात.

कॅन भरताना आधी ७ लिटर पाणी, मग खत, पूर्ण विरघळलं की १० लिटरच्या खुणेपर्यंत पाणी. १० लिटर पाण्यात एक किलो खत टाकलं तर ते १० लिटर राहत नाही, साडेदहाच्या जवळ जातं आणि सगळं प्रमाण पाच टक्क्यांनी पातळ होतं. कॅल्शियम नायट्रेट विरघळताना बादली बर्फासारखी गार पडते. ते नेहमीचंच आहे. पाणी पुन्हा साध्या तापमानाला आलं की मगच खुणेपर्यंत भरा. ए कॅन काळा हवा, नाहीतर पोत्यात गुंडाळून सावलीत ठेवा. उजेडाने लोहाचं चिलेट तुटतं.

पिंपात घालताना १८० लिटर पाणी, २ लिटर ए, पंप दहा मिनिटं चालू, मग २ लिटर बी, पुन्हा दहा मिनिटं, मग २०० पर्यंत पाणी, मग ईसी, आणि शेवटी पीएच. ए आणि बी एकाच मगात कधीच मोजू नका. मगाच्या तळाला पांढरट साय दिसली की समजायचं.


सड्यावरची वाडी

दोन नंबरचं उत्तर सोपं आहे. तुमचे दोन्ही मीटर बरोबर आहेत.

टीडीएस मीटर क्षार मोजत नाही. तो विद्युतवाहकता, म्हणजे ईसी मोजतो आणि तिला एका आकड्याने गुणून पीपीएम म्हणून दाखवतो. एक कंपनी ५०० ने गुणते, दुसरी ७०० ने. ईसी १.४ असेल तर एकावर ७०० येईल, दुसऱ्यावर ९८०. नेमके तुमचेच आकडे. म्हणून हायड्रोपोनिक्समध्ये पीपीएमची भाषा सोडा आणि मीटर मिलीसीमेन्सवर, म्हणजे ईसीच्या एककावर, ठेवा. कुणी ‘८०० पीपीएम ठेवा’ म्हणालं तर कोणत्या गुणकाने, हे आधी विचारा.

मीटर जुळवण्यासाठी १.४१३ मिलीसीमेन्सचं प्रमाण द्रावण घ्या. महिन्यातून एकदा तपासा. वापरलेलं द्रावण बाटलीत परत ओतू नका, झाकणभर घेऊन टाकून द्या. पीएचसाठी बाजारात तीन पुड्या मिळतात, ४.०१, ६.८६ आणि ९.१८. आपलं काम ५.५ ते ६.५ मध्ये, म्हणून ६.८६ ला आधी जुळवा, मग ४.०१ ला. ९.१८ ची गरजच नाही, आणि उघड्यावर हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषून ती लवकर बिघडते. पुडी डिस्टिल्ड पाण्यातच विरघळवा. पीएचचं टोक कोरडं ठेवू नका आणि डिस्टिल्ड पाण्यातही बुडवून ठेवू नका. टोपीत पोटॅशियम क्लोराइडचं साठवण द्रावण घाला. ते नसेल तर ४.०१ च्या द्रावणाचे चार थेंब.

तापमानाचंही बघा. ईसी दर अंशाला साधारण दोन टक्क्यांनी वाढतं. मीटरवर एटीसी (तापमानाची आपोआप दुरुस्ती) लिहिलं असेल तर तो स्वतः २५ अंशांना आणून दाखवतो. नसेल तर मे महिन्यात ३३ अंशांच्या पाण्यात आकडा सोळा टक्के फुगलेला दिसेल, १.४ समजाल ते खरं १.२ असेल. एटीसी असला तरी टोक पाण्यात मिनिटभर ठेवून मगच आकडा वाचा, आत्ताच बुडवलेलं टोक अजून हवेच्या तापमानावर असतं.

आता ओल्या पोत्याचं. कॅल्शियम नायट्रेट हवेतली ओल इतकी ओढतं की आपल्याकडच्या पावसाळ्यात उघडं पोतं आठवडाभरात पाझरायला लागतं. खत त्याने खराब होत नाही, पण वजन खोटं होतं. १० टक्के पाणी ओढलं असेल तर ७५० ग्रॅम मोजलेलं खरं ६८० ग्रॅमच असतं. आधीच गाळाने ४० टक्के कॅल्शियम खाल्लंय, त्यावर ही घट.

उपाय असा. नवं पाकीट फोडलं की त्याच दिवशी एक ग्रॅम एक लिटर डिस्टिल्ड पाण्यात विरघळवून ईसी मोजा आणि पाकिटावरच लिहून ठेवा. महिन्याभराने पुन्हा तेच करा. समजा पहिल्यांदा १.२० आलं होतं आणि आता १.०८ येतंय, तर खत दहा टक्के पातळ झालंय, वजन त्या हिशोबाने वाढवा. याला ०.०१ ग्रॅम दाखवणारा खिशातला काटा लागतो, साधा किचन काटा नाही. पण याहून चांगलं म्हणजे पोतं उघडल्याच्या दिवशीच सगळं विरघळवून ए कॅनची साठवण करून टाकायची. द्रावणाला ओल लागत नाही. २५ किलोचं पोतं एकट्याला जड जातं, ते दोघा-तिघांत वाटून घ्या आणि जाड पिशव्यांत, तोंड मेणबत्तीवर चिकटवून, एक-एक किलोचं ठेवा. मॅग्नेशियम सल्फेट आणि १३:००:४५ इतकी ओल धरत नाहीत, त्यांना डबा पुरतो.


पागोळी

पीएचबद्दल. ७.२ हा आकडा कशामुळे येतोय ते आधी शोधा, ॲसिड नंतर. तीन कारणं असू शकतात आणि तिन्ही वेगळी करता येतात.

एक, झाडं. झाड नायट्रेट उचलतं तेव्हा मुळांतून हायड्रॉक्सिल किंवा बायकार्बोनेट बाहेर टाकतं, द्रावण अल्कधर्मी होतं. दोन, जांभ्यातलं पाणी. या विहिरींच्या पाण्यात विरघळलेला कार्बन डायऑक्साइड बराच असतो, म्हणून ताजं पाणी आंबट दाखवतं. पाइपातून खळखळत फिरलं की तो वायू उडून जातो आणि पीएच आपोआप चढतो. तीन, तुमची नवी सिमेंटची टाकी. नव्या सिमेंटमधून चुना सुटत राहतो. विहिरीच्या पाण्यात बायकार्बोनेट नगण्य, ते पाणी या चुन्याला अडवू शकत नाही.

तीन बादल्या घ्या. पहिलीत टाकीतलं पाणी, दुसरीत थेट विहिरीतलं. दोन्हींत ए-बी घालून पीएच ५.८ करा, झाडं नकोत, मासे पाळणाऱ्यांचा हवेचा छोटा पंप दोन्हींत सोडा. तिसरीत विहिरीचं नुसतं पाणी, त्यातही हवा, म्हणजे वायू उडाल्यावर ते कुठे थांबतं ते कळेल. ४८ तासांनी तिन्ही मोजून इथे लिहा.

दरम्यान, फिकट पान आणि हिरव्या शिरा ही खूण लोहाची. तुम्ही ईडीटीए वापरताय. ते चिलेट साडेसहाच्या वर पीएच गेला की लोह सोडून देतं आणि लोह गंजासारखं खाली बसतं. डीटीपीए सातच्या थोडं वरपर्यंत टिकतं, म्हणून आगरवाल्यांनी ते सांगितलंय. ईडीडीएचए त्याहीपुढे टिकतं, पण महाग आहे आणि पाणी लालभडक करतं. पीएच ताब्यात असेल तर त्याची गरज नाही.


खाडीकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. नवे कॅन केले, ए स्वच्छ आहे. बादल्यांचे आकडे असे:
टाकीचं पाणी आणि खत: ५.८ वरून ६.९.
विहिरीचं पाणी आणि खत: ५.८ वरून ६.०.
विहिरीचं नुसतं पाणी: ५.९ वरून ६.७.
त्याच दोन दिवसांत पिंपात, झाडांसह, टाकीच्या पाण्यावर: ५.८ वरून ७.१.

पीएच खाली आणायला फॉस्फोरिक ॲसिड आणलंय, ८५ टक्क्यांचं. दर दोन दिवसांनी किती घालू?


पागोळी

उत्तर तुमच्याच आकड्यांत आहे. झाडं नसताना टाकीच्या पाण्याने १.१ ची उडी मारली, झाडांनी वर फक्त ०.२ ची भर घातली. चोर टाकी आहे. खत पडल्यावर विहिरीचं पाणी फारसं हलत नाही, कारण फॉस्फेट त्याला थोडं धरून ठेवतं.

तेव्हा पिंपात पाणी थेट विहिरीतून घ्या किंवा प्लॅस्टिकच्या टाकीतून. सिमेंटची टाकी वापरायचीच असेल तर ती भरून आठवडाभर ठेवायची, पाणी सोडून द्यायचं, असं आठ-दहा वेळा करा. पावसाळ्यात पाण्याला तोटा नाही, आत्ताच करून घ्या. नाहीतर आतून पिण्याच्या पाण्याला चालणारा इपॉक्सी रंग.

दर दोन दिवसांनी ॲसिड घालू नका. ८५ टक्क्यांचं एक मिली ॲसिड २०० लिटरमध्ये सव्वादोन पीपीएम स्फुरद वाढवतं. ७.१ वरून ५.८ ला यायला तुम्हाला ५ ते १० मिली लागत असणार. तीन-चार वेळा तसं केलं की स्फुरद ठरवल्याच्या दुप्पट होतं. जास्त स्फुरद पुन्हा लोह आणि जस्ताला अडवतं, म्हणजे पान फिकटच राहतं आणि तुम्ही लोह वाढवत बसता.

टाकी बाजूला केल्यावर जी थोडी चढ उरेल तिला अमोनियम हे उत्तर. झाड अमोनियम उचलताना आम्ल सोडतं. बी कॅनमध्ये एवढा बदल करा: ००:५२:३४ १८० ऐवजी ११० ग्रॅम, १२:६१:०० नवं ६० ग्रॅम, ००:००:५० ९० ऐवजी १४० ग्रॅम. स्फुरद आणि पालाश होते तिथेच राहतात, अमोनियमचं नत्र ८ वरून १५ पीपीएमवर जातं, म्हणजे एकूण नत्राच्या दहा टक्क्यांच्या आत. त्यापुढे जाऊ नका. तापलेल्या पाण्यात जास्त अमोनियम मुळांना बाधतं आणि कॅल्शियमलाही आडवं येतं.

तरीही कधी ॲसिड लागलंच तर एक लिटरच्या बाटलीत ९०० मिली पाणी आधी, त्यात हळूहळू १०० मिली ॲसिड. पाण्यात ॲसिड, उलटं कधीच नाही. हातमोजे आणि चष्मा, बाटलीवर मोठ्या अक्षरात नाव, मुलांच्या हाताला लागणार नाही अशी जागा. या पातळ ॲसिडचं २० मिली पिंपात घाला, पंधरा मिनिटं पंप फिरू द्या, मग मोजा. पीएच ५.५ ते ६.३ मध्ये कुठेही असेल तर हात लावू नका. ५.८ वर खिळवून ठेवण्याची धडपड पिकाच्या काही कामाची नाही.


कुळागर

पावसाळ्यात ईसी किती ठेवायचं यावर लिहितो, कारण १० मिलीच्या मापाने तुमचं १.८ च्या आसपास येईल.

आत्ता हवेत दमटपणा नव्वदीच्या पुढे, ऊन नाही. झाड पाणी कमी पितं, पण वाढायला क्षार लागतातच. म्हणून पावसाळ्यात द्रावण जरा घट्ट, १.६ ते १.८, आणि एप्रिल-मेमध्ये झाड ढसाढसा पाणी ओढतं तेव्हा पातळ, १.० ते १.२. उन्हाळ्यात १.८ ठेवलं तर दुपारी पानं माना टाकतात आणि पिंपातलं ईसी रोज चढत जातं.


आगरवाला

कुळागर, तत्त्व मान्य, पण लेट्यूससाठी पावसाळ्यात १.८ मी सांगणार नाही. कॅल्शियम पानात जातं ते पाण्याच्या ओढीबरोबर. आतलं कोवळं पान झाकलेलं, हवा दमट, त्यातून पाणी उडतच नाही, मग द्रावणात कितीही कॅल्शियम असलं तरी तिथवर पोचत नाही. वर ईसी वाढवलं की ती ओढ आणखी कमी होते. लेट्यूसला १.३-१.४ ठेवा आणि झाडांच्या उंचीवर टेबलफॅन आडवा फिरवा, सकाळी आणि रात्री दोन-दोन तास. कडा करपायच्या थांबवायला कॅल्शियमच्या फवारणीपेक्षा वारा जास्त कामाचा. गड्डा मिटायला लागला की फवारणी आतल्या पानाला लागतच नाही.


कुळागर

लेट्यूसपुरतं पटतं. मी पालक आणि लाल माठ डोळ्यांसमोर ठेवून लिहिलं होतं, त्यांना १.८ चालतं. परदेशी तुळस दोन्हींच्या मधली, लेट्यूसबरोबर १.४ वर सुखात राहते, तेव्हा एकाच पिंपावर दोन्ही ठेवायला हरकत नाही.

ईसी सांभाळायचा हिशोबही देऊन ठेवतो. १०-१० मिलीला १.७ वाढतं असं धरलं, तर लिटरमागे १-१ मिलीने ०.१७ वाढतं. पिंपात १५० लिटर उरलंय, ईसी १.१, हवंय १.४. ०.३ ला ०.१७ ने भागा, पावणेदोन मिली लिटरमागे. म्हणजे ए २६५ मिली आणि बी २६५ मिली. उलट ईसी चढून १.८ झालं असेल तर साधं पाणी. १५० लिटर, १.८ वरून १.४ ला आणायचं, विहिरीचं पाणी ०.१: फरक ०.४ ला १.३ ने भागा आणि १५० ने गुणा, ४६ लिटर. अंदाजाने मग ओतत बसण्यापेक्षा हा गुणाकार पिंपावरच खडूने लिहून ठेवा.

आणि १९:१९:१९ ने काम भागवायचा मोह कुणी धरू नका. त्यातलं निम्म्याहून जास्त नत्र युरियाचं असतं. युरिया मीटरवर दिसत नाही आणि मातीतले जिवाणू नसल्यामुळे झाडाला नीट वापरता येत नाही. कॅल्शियम तर त्यात नाहीच.


खाडीकाठ

एक शेवटचं विचारतो. आमची विहीर होळीनंतर मचूळ होते. मागच्या मे महिन्यात ईसी ०.९ होतं. तेव्हा १.४ मधून ०.९ वजा करून उरलेलं ०.५ खत द्यायचं, की ०.९ वर पूर्ण खत द्यायचं?


सड्यावरची वाडी

दोन्ही नको. ०.५ खतावर झाड उपाशी राहील, आणि ०.९ वर पूर्ण खत घातलं तर २.२ च्या पुढे जाऊन लेट्यूस कडू होईल आणि कडा जळतील.

खाडीकाठच्या मचूळ पाण्यातला तो ०.९ मुख्यतः मिठाचा, सोडियम आणि क्लोराइडचा. झाड ते फारसं उचलत नाही, त्यामुळे फिरत्या पाण्यात ते साठत जातं. उन्हाळ्यात १४४ झाडं दिवसाला ३० लिटर पाणी ओढतात असं धरा. आठवड्यात २१० लिटर भर पडली, तीही ०.९ च्या पाण्याची. पिंपात २०० लिटर, म्हणजे आठवड्यात निव्वळ मिठाचं ०.९ च्या वर ईसी चढलं. मीटर १.४ दाखवत राहतो, माणूस निर्धास्त असतो, आणि त्या १.४ मधलं खत रोज कमी होत जाऊन त्याची जागा मीठ घेतं. असं पाणी असेल तर पिंप पाच-सहा दिवसांनी पूर्ण बदलावंच लागतं.

खरा उपाय पावसाचं पाणी, आणि ते साठवायचे दिवस हेच आहेत. एक चौरस मीटर छपरावर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एक लिटर. पडवीचं २० चौरस मीटर छप्पर धरलं तर १०० मिलिमीटरमध्ये २००० लिटरची टाकी भरते. कोकणात आषाढ-श्रावणात तेवढा पाऊस कधी एका दिवसातही पडतो. मंगळोरी कौलांवरचं पाणी उत्तम. जस्ताचा मुलामा दिलेल्या जुन्या पत्र्यावरचं शक्यतो टाळा, त्यातून जस्त उतरतं. जूनचे पहिले पाऊस घेऊ नका, उन्हाळाभर खाऱ्या वाऱ्याने छपरावर बसलेलं मीठ आणि धूळ त्यात असते. पन्हळीच्या तोंडाला दुपदरी फडकं बांधा, टाकी काळी आणि झाकलेली ठेवा, उजेड गेला नाही तर मेपर्यंत शेवाळ धरत नाही.

मिसळायचा हिशोब: पावसाचं ०.०५, विहिरीचं ०.९, मिसळून ०.३५ पर्यंत आणायचं. २०० लिटरला विहिरीचं ७० आणि पावसाचं १३०. रोजच्या भरीलाही हेच मिश्रण, नुसतं विहिरीचं नाही. दिवसाला ३० लिटरच्या हिशोबाने दोन महिन्यांची भर १८०० लिटर, त्यातलं पावसाचं सुमारे १२०० लिटर. २००० लिटरच्या टाकीत ते बसतं आणि पिंप पाच-सहा वेळा बदलायलाही उरतं.

मार्चमध्ये एकदा आणि मेमध्ये एकदा पाणी प्रयोगशाळेत द्या. नुसतं ईसी नको, सोडियम, क्लोराइड, बायकार्बोनेट, कॅल्शियम, मॅग्नेशियम आणि लोह मागा. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाकडे विचारा, किंवा जिल्ह्याच्या माती-पाणी तपासणी प्रयोगशाळेत. लिटरची स्वच्छ बाटली त्याच पाण्याने तीनदा विसळून, हवा न ठेवता काठोकाठ भरा आणि त्याच दिवशी पोचवा.


पागोळी

मेच्या पाण्यात तापमानाचंही गणित घ्या. ३० अंशांच्या पाण्यात लिटरला साडेसात मिलिग्रॅम ऑक्सिजन मावतो, ३५ ला सातच, आणि मुळांची भूक मात्र तापमानाबरोबर वाढते. मुळं तपकिरी, बुळबुळीत, वास मारणारी झाली की कुजव्याची बुरशी शिरली समजा. मग कोणतंही खत उपयोगाचं नाही.

बर्फाच्या बाटल्या टाकणं हा लोकप्रिय उपाय आहे, पण २०० लिटर पाणी एक अंश खाली आणायला लिटरभराच्या दोन बाटल्या लागतात. ३२ वरून २६ ला आणायचं तर अकरा-बारा, तेही एकदाच. त्यापेक्षा पिंप दोन तृतीयांश जमिनीत पुरा. जांभा खणणं कष्टाचं आहे, पण सावलीतल्या जमिनीत पिंप दुपारीही तापत नाही. जमलं नाही तर पिंप माडाच्या झावळ्यांखाली ठेवा, भोवती ओलं गोणपाट गुंडाळा आणि पाइपांना पांढरा रंग द्या. पाणी परत पिंपात पडतं तिथे ते हातभर उंचीवरून पडू द्या, हवा त्यातच मिसळते. पावसाळ्यात वीज गेली तर पातळ थराच्या पाइपांत मुळं तासा-दोन तासांत सुकायला लागतात, म्हणून पाइपाच्या शेवटच्या टोकाला एक सेंटिमीटर उंचीचा बांध ठेवा, तेवढं पाणी तळाला उभं राहतं.


खाडीकाठ

पन्हळ आणि काळी टाकी या आठवड्यात बसवतो. सिमेंटची टाकी आज पहिल्यांदा भरून सोडली, आतल्या पाण्याचा पीएच ९.४ निघाला. प्रत्येक वेळी सोडायच्या आधी मोजून इथे लिहीत जाईन.


आगरवाला

लिहा. सलग दोन वेळा आठवडाभर उभ्या पाण्याचा पीएच सातच्या आत राहिला की त्या टाकीचं पाणी पिंपात घ्यायला हरकत नाही. त्याआधी नको.